हेस्कॉमचं नवीन मीटर हवंय? अर्जाआधी भिंत बघा

हेस्कॉम म्हणजे उत्तर कर्नाटकात वीज पुरवणारी सरकारी कंपनी. बेळगावात शहापूर-वडगावकडं नवीन घर बांधणारा माणूस कागदपत्रांची काळजी करतो आणि मीटर कुठं बसायचा ते वायरमनवर सोडतो. माझ्या मते हे उलटं व्हायला हवं. एखादा कागद राहिला तर उद्या नेऊन देता येतो. गिलावा झालेली भिंत फोडायची तर गवंड्याच्या पुन्हा पाया पडावं लागतं. आमच्याकडं तेच झालं. डीबी बॉक्स, म्हणजे घरभर वीज वाटणारा फ्यूज-स्विचांचा बोर्ड, जिन्याखाली बसवला. तपासणीला माणूस आला तोवर पुढं ज्वारीची दोन पोती, स्कूटर आणि घरादाराची पायताणं. त्यानं टेपसुद्धा काढली नाही. वाकून बघितलं आणि म्हणाला, "रात्री फ्यूज गेला तर हात कुठनं घालणार?"

अर्ज घराचा मालक करू शकतो, तसाच रीतसर ताबा असलेला भाडेकरूही. भाडेकरूनं भाडेकरार आणि मालकाचं संमतीपत्र जवळ ठेवावं. केंद्राच्या 2020 च्या ग्राहक हक्क नियमांप्रमाणं 10 किलोवॅटपर्यंतच्या जोडणीला मुळात दोनच कागद लागतात: ओळखीचा पुरावा आणि जागेच्या मालकीचा किंवा ताब्याचा पुरावा. शहरात खातेउतारा व चालू घरपट्टीची पावती, खेड्यात पंचायतीचा ई-स्वत्तु उतारा, म्हणजे नमुना 9 आणि 11. शिवाय वायरिंग परवानाधारक कॉन्ट्रॅक्टरनं केल्याचा, तपासल्याचा त्याच्या सहीचा रिपोर्ट लागतो. ओळखीच्या पोरानं वायरिंग केलं आणि सही दुसऱ्याची आणली, हा धंदा नको. डिसेंबर 2024 च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर इमारत पूर्ण झाल्याच्या दाखल्याचाही प्रश्न येतो. तुमच्या बांधकामाला तो लागतो का, हे हेस्कॉमच्या सेक्शन ऑफिसात आधीच विचारा.

आपल्या लोकांचं घोडं अडतं ते नावावर. आधारवर एक स्पेलिंग, कन्नड उताऱ्यावर दुसरं. कन्नड येत नसेल तर वाचता येणारं कुणीतरी शेजारी बसवून नाव आणि मिळकत नंबर अक्षरन् अक्षर जुळवून घ्या.

आता जागेचं. 250 व्होल्टच्या वरचा, म्हणजे आपल्या भाषेत थ्री-फेजचा, बोर्ड असेल तर समोर किमान 1 मीटर मोकळी जागा हवी, असं वीज सुरक्षेचे नियम सांगतात. मागच्या बाजूला उघडी जोडणी असेल तर भिंत आणि बोर्ड यांत अंतर एकतर 20 सेंटिमीटरपेक्षा कमी, नाहीतर 75 पेक्षा जास्त. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मलाही हे विचित्र वाटलं होतं. पण विचार करा: 20 च्या आत माणूस शिरतच नाही, 75 च्या वर तो सहज वळून बाहेर येतो. मधल्या अंतरात तो आत जातो, आणि झटका बसला की तिथंच अडकतो. अंतर 75 च्या वर असेल तर बोर्डाच्या टोकाकडून 1.8 मीटर उंचीपर्यंत मोकळी वाटही लागते. यंत्रमागाच्या शेडमध्ये हा हिशोब पॅनेल उभं करण्याआधीच करायचा, आणि पुढची जागा सुताच्या पोत्यांना द्यायची नाही.

घरात सिंगल फेज असला तरी समोर मीटरभर जागा सोडाच. बोर्ड न्हाणीघरात, संडासात, स्वयंपाकघरात किंवा सिंकच्या वर नको. मीटर बाहेर, रीडिंग घेणाऱ्याला उभ्यानं दिसेल असा. खानापूरकडच्या मंडळींनी पश्चिमेची भिंत टाळावी. मृगापासून तिच्यावर झोडपणारा पाऊस बॉक्सची झाकणं जुमानत नाही.

अर्ज पूर्ण असेल तर शहरात 7 आणि खेड्यात 15 दिवसांत जोडणी मिळायला हवी. नवे खांब लागत असतील तर जास्त. पोच घेतल्याशिवाय काउंटर सोडू नका, तक्रारीला 1912 हा फोन नंबर आहे.

आणि घराशेजारून 11 हजार व्होल्टची लाइन जात असेल तर वरचा मजला चढवण्याआधी मोजा: लाइन आणि घर यांत किमान अंतर बाजूनं 1.2 मीटर, वरून 3.7 मीटर. कठड्यावर उभं राहून काठीनं नव्हे, लाइनमनला बोलावून.