पंचांगकर्ते

पंचांगकर्ता म्हणजे काळाचा नकाशा काढणारा माणूस. जमिनीचा नकाशा काढणारा नदी-डोंगर कुठे आहेत ते दाखवतो, आणि हा पुढच्या वर्षभरात चंद्र-सूर्य कधी कुठे असतील ते आधीच गणितानं काढून छापून ठेवतो. तिथी, वार, नक्षत्र, योग, करण ही पंचांगाची पाच अंगं. या लोकांची कुठली संघटना वगैरे नव्हती, विद्या मुख्यतः घराण्यांतून चालायची, बापाकडून मुलाकडे, आणि गावचा जोशी पाडव्याला ते वाचून दाखवायचा.

तिथी म्हणजे चंद्र सूर्याच्या 12 अंश पुढे सरकायला लागणारा वेळ. चंद्र रोज साधारण 13 अंश चालतो, सूर्य 1 अंश, म्हणून सरासरी तिथी एका दिवसाहून किंचित लहान, पण चंद्राची चाल कमीजास्त होत असल्यामुळे तिथी कधी 19-20 तासांत संपते तर कधी 26 तासांच्या आसपास जाते. सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची. एखादी तिथी सूर्योदयानंतर लागून दुसऱ्या सूर्योदयाच्या आत संपली तर तिला सूर्योदयच मिळत नाही, हा क्षय, आणि एकाच तिथीला दोन सूर्योदय मिळाले तर वृद्धी. लोकांना वाटतं पंचांगवाल्यांनी एक दिवस खाल्ला, तसं काही नसतं.

आता खरी गोष्ट. तिथी संपण्याचा क्षण सगळ्या पृथ्वीवर एकच असतो, पण सूर्योदय प्रत्येक गावाचा वेगळा! म्हणजे पंचांग कुठल्या गावासाठी काढलंय हे न बघता ते वापरणं म्हणजे पुण्याचा नकाशा घेऊन इंदूरच्या राजवाड्याची गल्ली शोधणं. सोलापूर आणि इंदूर जवळजवळ एकाच रेखांशावर आहेत म्हणून वेळा सारख्याच असणार असं वाटतं, पण इंदूर 5 अंश उत्तरेला आहे, त्यामुळे डिसेंबरच्या शेवटी इंदूरचा सूर्योदय सोलापूरपेक्षा 10-एक मिनिटं उशिरा आणि जूनमध्ये तेवढाच लवकर. त्या 10 मिनिटांत तिथी बदलली तर दोन गावांत त्या दिवसाची तिथीच वेगळी पडते.

माझी आजी इंदुरात मुंबईच्या वेळांचं पंचांग वापरायची, खुंटीला दोऱ्यानं अडकवलेलं असायचं, आणि संकष्टीच्या चंद्रोदयापुढे ती पेन्सिलीनं नवीन आकडा लिहून ठेवायची. सरसकट 12 मिनिटं वजा, कारण दोन्ही शहरांत 3 अंशांचा फरक आणि एका अंशाला 4 मिनिटं. मी नंतर गणित करून बघितलं तर मार्गशीर्षात फरक 18 मिनिटांपर्यंत जातो आणि ज्येष्ठात जेमतेम 6 राहतो, कारण चंद्र कधी उत्तरेला कधी दक्षिणेला असतो. पण ती निदान वजा करायची तरी, आपण तर मोबाईलवर जी वेळ दिसेल तिलाच चंद्र उगवला म्हणतो, अ‍ॅपमध्ये शहर कुठलं सेट आहे तेही बघत नाही.

इंदूरहून तासा-दीड तासावर उज्जैन आहे, आणि या विद्येचं मूळ ठिकाण तेच. सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात मध्यरेखा उज्जैनवरून (अवंती) जाते, म्हणजे आज ग्रिनिचचं जे स्थान आहे ते तेव्हा उज्जैनचं. सवाई जयसिंह माळव्याचा सुभेदार असताना अठराव्या शतकात त्यानं इथे वेधशाळा बांधली, ती पुढे पडझडीला आली, आणि 1923 मध्ये ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी तिचा जीर्णोद्धार केला, कारण उज्जैन तेव्हा ग्वाल्हेर संस्थानात होतं. गोविंद सदाशिव आपटे हे मराठी ज्योतिर्गणिती तिथे अधीक्षक होते. तिथल्या सम्राट यंत्राची, म्हणजे मोठ्या सूर्यघड्याळाची, सावली वाचून वेळ काढली की ती घड्याळाशी जुळत नाही, आणि बरेच जण यंत्र चुकीचं म्हणून पुढे जातात, फार वाईट वाटतं. सावली उज्जैनची स्वतःची वेळ दाखवते, घड्याळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची, म्हणजे भारतीय प्रमाणवेळ. मूळ फरक 27 मिनिटांचा, त्यात सूर्याच्या चालीचा फरक मिळवला की नोव्हेंबरच्या सुरुवातीला फक्त 11 मिनिटं मिळवायची असतात आणि फेब्रुवारीच्या मध्यावर 41.

जुन्या मराठी पंचांगांचा आधार म्हणजे गणेश दैवज्ञाचा ग्रहलाघव, 1520 चा. कोकणातल्या नांदगावचं हे घराणं, वडील केशव हेही ज्योतिषी. गणेशानं त्रिकोणमितीतली ज्येची (साइनची) कोष्टकं टाळून साध्या गुणाकार-भागाकारात ग्रह काढायची सोय केली, म्हणून जोशांना ते झेपलं आणि तीनशे-साडेतीनशे वर्षं चाललं. पण बारीक चुका साठत गेल्या, ग्रहणाच्या वेळा चुकायला लागल्या, मग केरो लक्ष्मण छत्र्यांनी एकोणिसाव्या शतकात नव्या वेधांवर पंचांग सुरू केलं. तिथून मोठा वाद उभा राहिला की राशिचक्राची सुरुवात कुठून धरायची, चित्रा ताऱ्याच्या आधारानं की रेवतीच्या. दोन्हींत 4 अंशांच्या आसपास फरक, त्यामुळे रेवती धरणाऱ्या टिळक पंचांगात एखाद्या वर्षी अधिकमासच वेगळा येतो आणि गणपती महिनाभर आधी बसतात. सरकारनं कॅलेंडर सुधारणा समितीचं ऐकून 22 मार्च 1957 पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू केली, आणि राष्ट्रीय पंचांगाच्या गणिताचा मध्यबिंदू ठरवताना अक्षांश 23 अंश 11 कला घेतला, तो उज्जैनचाच.

महिन्यांचं वेगळंच. आपला महिना अमावास्येला संपतो, मध्य प्रदेशातल्या हिंदी घरांचा पौर्णिमेला. त्यामुळे इंदूर-ग्वाल्हेरच्या मराठी घरात आषाढ चालू असतानाच शेजारी सावन लागलेला असतो, शेजारच्या काकू सोमवार धरायला लागतात आणि आपली आई म्हणते, अजून पंधरा दिवस आहेत. शुक्ल पक्षात दोघांचा महिना एकच, फक्त कृष्ण पक्षाचं नाव बदलतं. महाशिवरात्र आपल्याकडे माघात, त्यांच्याकडे फाल्गुनात, दिवस मात्र तोच. वडोदऱ्याला अजून गंमत, तिथे महिना आपल्यासारखाच अमान्त पण गुजराती संवत् दिवाळीनंतर बदलतो, त्यामुळे तिथल्या मराठी घरांत शके चैत्रात बदलतो आणि शेजारचा संवत् कार्तिकात.

वेळ मोजायचं जुनं माप घटका, 24 मिनिटांची, अशा 60 घटका म्हणजे एक अहोरात्र. तळाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटका. लग्नाच्या मुहूर्तासाठी अशी घटिका बसवायचे, आणि माणसाची घटका भरली असं आपण म्हणतो ते त्याच वाटीवरून.