रानपिंगळा: दिवसाढवळ्या समोर बसणारं, तरी 113 वर्षं न सापडलेलं घुबड

रानपिंगळा सकाळी उन्हं खात बसतो. तेही कुठे दाट पानात लपून नाही, तर निष्पर्ण सागाच्या किंवा सालईच्या शेंड्यावर, अगदी उघड्यावर. थंडीत सकाळी आठ-नऊ वाजता सातपुड्याच्या पायथ्याशी जंगलात फिरलात आणि नशीब बरं असेल तर साध्या डोळ्यांनीही दिसेल. आणि हाच पक्षी 1884 नंतर जो गायब झाला तो थेट 1997 मध्ये सापडला, मधली 113 वर्षं बऱ्याच लोकांनी तो संपला असंच धरलं होतं. दिवसा फिरणारं, उघड्यावर बसणारं घुबड एवढी वर्षं कुणाला दिसू नये हे कसं काय, याचं उत्तर पक्ष्यापेक्षा माणसांबद्दल जास्त सांगतं.

आधी ओळख. आपल्या गावात, कॉलनीत, वडाच्या ढोलीत जो राहतो आणि संध्याकाळी खांबावर बसून चिरक्या आवाजात भांडण काढल्यासारखा ओरडतो तो साधा पिंगळा. रानपिंगळा त्याचाच भाऊबंद, उंचीला साधारण 23 सेंटिमीटर, म्हणजे लांबून बघितलं तर दोघं सारखेच. फरक बघायचा तो डोक्यावर. साध्या पिंगळ्याच्या डोक्यावर पांढरे ठिपके भरपूर असतात, रानपिंगळ्याचं डोकं जवळजवळ कोरं, करडं-तपकिरी, आणि अंगाच्या मानाने मोठंच. छाती गडद तपकिरी, खाली पोट पांढरंशुभ्र, पंखांवर आणि शेपटीवर ठळक पांढरे पट्टे, पाय पांढऱ्या पिसांनी भरलेले आणि नखं अशी दणकट की एवढ्याशा पक्ष्याला ही कशाला असा प्रश्न पडावा. कशाला ते शिकार बघितली की कळतं. फांदीवर बसून खाली जमिनीकडे नजर, शेपटी डावी-उजवीकडे झटक्याझटक्याने हलत असते, आणि मग एकदम खाली झेप, वर येताना पायात सरडा. फराह इश्तियाक आणि असद रहमानी यांनी तोरणमाळ भागात याचा पहिला नीट अभ्यास केला, त्यात खाण्यापैकी 60 टक्क्यांच्या आसपास सरडे-पालीच निघाल्या, त्याखालोखाल उंदीर, बाकी किडे, बेडूक, एखाददुसरा छोटा पक्षी.

आता गायब होण्याची गोष्ट. 1872 च्या डिसेंबरात एफ. आर. ब्लेविट या इंग्रज अधिकाऱ्याने आजच्या छत्तीसगडमधल्या फुलझर भागात हा पक्षी मारला आणि पुढच्या वर्षी ॲलन ह्यूमने त्याचं शास्त्रीय वर्णन केलं (हो, तोच ह्यूम, काँग्रेसच्या स्थापनेतला). ब्लेविटवरून नाव पडलं ब्लेविटी. पुढे 1880 च्या दशकात जेम्स डेव्हिडसन नावाच्या अधिकाऱ्याने आपल्या खानदेशातून, तळोदा-शहादा पट्ट्यातून, काही नमुने गोळा केले. सगळे मिळून जगात सात नमुने, बास. त्यानंतर शांतता.

बरं, शांतता असती तरी परवडलं असतं. मध्येच कर्नल रिचर्ड माइनर्टझागेन नावाचा गडी आला. ब्रिटिश सैन्यातला अधिकारी, पक्षीतज्ज्ञ म्हणून मोठं नाव, आपल्या सालिम अलींनीही 1937 मध्ये त्याच्याबरोबर अफगाणिस्तानची मोहीम केली होती. याने दावा केला की 1914 मध्ये गुजरातेत तापीकाठी मांडवीला मी रानपिंगळा मारला आणि हा घ्या नमुना. एवढ्या मोठ्या माणसावर अविश्वास कोण दाखवणार, त्यामुळे पुस्तकांतून 'शेवटची नोंद 1914, मांडवी' असं छापलं जात राहिलं. सालिम अली आणि डिलन रिप्ले यांच्यासारख्या पक्षीतज्ज्ञांनी शोधायचा प्रयत्न केला, हाती काही लागलं नाही. मध्ये एकदा नागपूरकडचा फोटोही आला, तो नंतर साध्या पिंगळ्याचा निघाला.

पामेला रासमुसेन या अमेरिकन संशोधक बाईंनी नव्वदच्या दशकात एक कंटाळवाणं पण जबरदस्त काम केलं. जंगलात जायच्या आधी त्या म्युझियममध्ये गेल्या. माइनर्टझागेनच्या पक्ष्यांच्या संग्रहात गडबड आहे अशी कुजबुज होतीच, मग रासमुसेन आणि नायजेल कॉलर यांनी त्याचा रानपिंगळ्याचा नमुना बारकाईने तपासला. मेलेल्या पक्ष्याची कातडी काढून, कापूस भरून, शिवून ठेवायची प्रत्येक माणसाची आपली एक पद्धत असते, हात ओळखू येतो. मांडवीच्या पक्ष्यावर हात होता डेव्हिडसनचा! कर्नलसाहेबांनी ब्रिटिश म्युझियममधून डेव्हिडसनचा जुना नमुना चोरला होता, उसवून पुन्हा भरला होता आणि खोटी चिठ्ठी लावून आपल्या नावावर खपवला होता. 1999 मध्ये हे सगळं प्रसिद्ध झालं, आणि हा एकच पक्षी नाही, त्याच्या संग्रहातले कितीतरी नमुने असेच बोगस निघाले.

मला यातला राग येतो तो चोरीचा नाही. खोट्या चिठ्ठीमुळे पक्ष्याचा पत्ताच चुकीचा झाला. जो प्राणी संपायच्या मार्गावर असू शकतो त्याला वाचवायला कुठे जायचं हेच जर चुकीचं लिहून ठेवलं असेल तर पुढची सगळी माणसं चुकीच्या जंगलात फिरणार ना.

मांडवी यादीतून बाद झाल्यावर उरले फक्त खरे पत्ते. नोव्हेंबर 1997 मध्ये रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट भारतात आले, आधी पूर्वेकडच्या जुन्या जागा पालथ्या घातल्या, काही नाही. मग शहादा. 25 नोव्हेंबरला सकाळी, तोरणमाळच्या पायथ्याच्या टेकड्यांमध्ये, उघड्या झाडावर उन्हात बसलेला पिंगळा दिसला, डोक्यावर ठिपके नाहीत, पोट पांढरं. झालं, 113 वर्षांनी सापडला, आणि सापडला कुठे, तर डेव्हिडसनने लिहून ठेवलं होतं तिथेच. शहादा आज ज्यात येतं तो नंदुरबार जिल्हाही तेव्हा व्हायचा होता, तो पुढच्या वर्षी धुळ्यातून वेगळा झाला. तिथल्या पावरा-भिल्ल लोकांच्या डोळ्यांसमोर हा पक्षी पिढ्यानपिढ्या बसत असणार, त्यांना कुणी विचारलं नव्हतं एवढंच.

त्यानंतर मात्र शोधायला लागल्यावर सापडत गेला. मेळघाट, यावल, मध्य प्रदेशात खंडवा-बुऱ्हाणपूर, गुजरातेत डांगकडे पूर्णा अभयारण्य. पुण्याच्या वाइल्डलाइफ रिसर्च अँड कन्झर्वेशन सोसायटीच्या प्राची मेहता आणि जयंत कुलकर्णी यांनी यावर वर्षानुवर्षं काम केलंय. सगळ्यात मोठा धक्का 2014 मध्ये बसला, पक्षी चक्क तानसा अभयारण्यात दिसला. तानसा म्हणजे मुंबईला पाणी देणारा तलाव, शहापूर तालुका! तोपर्यंत सगळे सातपुड्यातच अडकून बसले होते, सह्याद्रीच्या उत्तर टोकाला, मुंबईपासून 100 किलोमीटरच्या आत हा असेल असं कुणाच्या डोक्यातच नव्हतं. 2018 मध्ये डीएनए तपासून हेही नक्की झालं की हा साध्या पिंगळ्याच्याच वंशातला (जीनस), त्याआधी त्याला वेगळा वंश द्यावा की नाही यावर वाद होता.

त्याच वर्षी आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेच्या लाल यादीत त्याला 'अतिसंकटग्रस्त'वरून 'संकटग्रस्त'मध्ये आणलं. बातमी चांगली वाटते, पण पक्षी वाढले म्हणून नाही, नवीन जागा कळल्या म्हणून. अंदाज आहे 250 ते 999 प्रौढ पक्षी. अख्ख्या जगात! भारताबाहेर तो नाहीच. वन्यजीव कायद्यात तो पहिल्या अनुसूचीत आहे, म्हणजे वाघाला आहे तेवढंच संरक्षण, निदान कागदावर.

आता मुख्य भानगड. या पक्ष्याला घनदाट जंगल नको असतं. त्याला हवा पानगळीचा साग, मध्ये धावडा-सालई, खाली मोकळी जमीन म्हणजे सरडा दिसला पाहिजे, आणि घरट्यासाठी म्हाताऱ्या झाडाची ढोली, रोहनसारख्या झाडाची, जमिनीपासून 5 ते 8 मीटर वर. ही ढोली पिंगळा स्वतः खोदत नाही, आयती शोधतो. अंडी बहुतेक दोनच. मादी ढोलीत बसते, शिकार आणून द्यायचं काम नराचं, पिल्लं महिनाभरात बाहेर पडतात. म्हणजे त्याला लागतं ते आपण ज्याला 'काय उजाड जंगल आहे' म्हणून गाडीची काच वर करतो तसलं जंगल, शेताला लागून असलेलं, गुरं चरणारं. असल्या जंगलासाठी कुणी आंदोलन करत नाही.

आणि ते जातंय. तळोद्याचंच बघा, डेव्हिडसनने जिथून पक्षी नेले ते जंगल. नव्वदच्या दशकात तिथलं हजारो हेक्टर राखीव वन सरदार सरोवरात बुडणाऱ्या गावांच्या पुनर्वसनासाठी मोकळं केलं गेलं. महाराष्ट्रातली 33 गावं त्या धरणात बाधित, त्या लोकांनी जायचं तरी कुठे? त्यांच्याकडे बोट दाखवणं सोपं आहे पण तो हलकटपणा होईल. ज्यांनी धरणाचा हिशोब मांडला त्यांच्या कागदावर विस्थापित माणसंच धड नव्हती, पिंगळा कुठून असणार. तापीच्या खोऱ्यातही, धारणी-खकनारच्या बाजूला, मोठ्या पाणी प्रकल्पाची चर्चा कधीची चालू आहे, आणि ती जागा बरोब्बर रानपिंगळ्याच्या पट्ट्यात येते.

बाकीच्या गोष्टी रोजच्या आहेत. जळणाला लाकूड, आणि तोडताना पहिलं जातं ते वाळकं पोकळ झाड, कारण ते 'निरुपयोगी'. मोह वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाला पेटवतात, आग पुढे पसरते, आणि यांचा विणीचा काळ ऑक्टोबरपासून मेपर्यंत, म्हणजे वणव्याचे महिने त्यातच आले. पोरांच्या हातात गलोल असते. शेतात उंदरांसाठी ठेवलेलं विष खाऊन अर्धमेला उंदीर पिंगळ्याच्या पायात आला तर पुढे काय ते सांगायला नको. दिवाळीच्या आसपास जादूटोण्यासाठी घुबडं पकडायचा धंदा देशभर चालतो, त्यात कुठलं घुबड हे बघायला कोण थांबतंय.

मला विचाराल तर या सगळ्यात स्वस्तातला उपाय म्हणजे ढोलीचं झाड सोडून देणं. वनखात्याच्या तोडीत आणि गावच्या जळणातही. जिथे सामूहिक वनहक्क मिळालेत तिथे ग्रामसभा हे ठरवू शकते, कारण जंगल राखायचा अधिकार आता कायद्याने तिच्याकडे आहे. मेळघाटातल्या कोरकू पोराला कुठल्या झाडात काय राहतं हे आपल्यापेक्षा शंभरपट जास्त माहीत असतं, त्याला गाइड म्हणून, अभ्यासात मदतनीस म्हणून चार पैसे मिळाले तर ते झाड त्याच्याही कामाचं होतं.

आणि तानशाला कॅमेरे घेऊन जाणाऱ्या आपल्या मुंबई-ठाणे-नाशिककर मंडळींना एक सांगणं. मोबाइलवर त्याचा आवाज वाजवून त्याला बोलवू नका. त्याला वाटतं हद्दीत दुसरा नर घुसलाय, तो शिकार सोडून भांडायला येतो, आणि त्या वेळात ढोलीतली मादी उपाशी बसते. फोटो मिळाला तर डोकं कोरं आहे ना ते झूम करून बघा, नोंद करा, पण घरट्याचं लोकेशन ग्रुपवर टाकू नका, पुढच्या रविवारी तिथे वीस गाड्या उभ्या असतात.