भूतशब्द

शब्दकोशात अर्थासह नोंद आहे, पण भाषेत जो कधी कोणी बोललेला वा लिहिलेला नाही, अशा शब्दाला इंग्रजीत ‘घोस्ट वर्ड’ म्हणतात. ब्रिटिश भाषाशास्त्रज्ञ वॉल्टर स्कीट यांनी १८८६ मध्ये ही संज्ञा रूढ केली. मुद्रणदोष, हस्तलिखिताचे चुकीचे वाचन किंवा संपादकाचा गैरसमज यांतून असे शब्द कोशात शिरतात.

सर्वांत प्रसिद्ध भूतशब्द म्हणजे ‘डॉर्ड’. अमेरिकेतील मेरियम कंपनीच्या वेब्स्टर कोशाच्या १९३४ च्या दुसऱ्या आवृत्तीत तो नाम म्हणून आला. अर्थ दिला होता ‘घनता’. मूळ चिठ्ठी रसायनशास्त्राचे संपादक ऑस्टिन पॅटरसन यांनी ३१ जुलै १९३१ रोजी पाठवली होती. घनतेसाठी ‘डी’ हे अक्षर मोठ्या किंवा लहान लिपीत संक्षेप म्हणून वापरतात, एवढेच तिच्यात सांगायचे होते. दोन ‘डी’ आणि मधला ‘किंवा’ या अर्थाचा ‘ऑर’ एकत्र वाचले गेले आणि शब्द तयार झाला. विशेष म्हणजे त्याला रीतसर उच्चारही बहाल करण्यात आला. जो शब्द कोणाच्याही तोंडून कधी निघाला नव्हता, त्याचा उच्चार वाचकांनी प्रमाण मानावा, इतका विश्वास लोक कोशावर टाकतात. म्हणूनच ही चूक किरकोळ म्हणून सोडून देता येत नाही. फेब्रुवारी १९३९ मध्ये एका संपादकाला या नोंदीत व्युत्पत्तीच नसल्याचे दिसले, तेव्हा शोध सुरू झाला. पुढे नोंद वगळली गेली.

स्कीट यांच्या उदाहरणांपैकी एकाचा संबंध भारताशी आहे. १८०८ च्या ‘एडिंबरो रिव्ह्यू’त हिंदूंच्या चालीरीतींविषयी लिहिताना काही जण हातांतून ‘काइम्स’ आरपार घालतात, असे छापले गेले. मूळ शब्द होता ‘नाइव्ह्ज’, म्हणजे सुऱ्या. त्याच्या स्पेलिंगच्या सुरुवातीचा, एरवी न उच्चारला जाणारा ‘के’ या चुकीमुळे उच्चारात आला.

काही चुका मात्र भाषेत कायमच्या रुजल्या. ‘सिलॅबस’ हा त्यांतलाच. प्राचीन रोमन वक्ता व लेखक सिसेरो याच्या पत्रांत गुंडाळीवरील नावाच्या पट्टीसाठी आलेला ग्रीक शब्द पंधराव्या शतकातील छापील आवृत्त्यांत चुकीचा वाचला गेला, त्यातून हे रूप आले. आता तो वापरात असल्याने त्याला भूतशब्द म्हणणे योग्य नाही.

मुद्दाम घातलेले बनावट शब्दही वेगळे धरावेत. न्यू ऑक्सफर्ड अमेरिकन कोशात २००१ मध्ये ‘एस्क्विव्हेलियन्स’, म्हणजे आपली जबाबदारी जाणूनबुजून टाळणे, हा शब्द कोशातील मजकुराची चोरी पकडण्यासाठी घातला होता. २००५ मध्ये हे उघड झाले.