मिए हामा आणि आकिको वाकाबायाशी : नेमकी कोण कुठली?

साठच्या दशकातील जपानी राक्षसपट आवडीने पाहणारेही या दोन अभिनेत्रींची गल्लत करतात, आणि त्यांना फारसा दोष देता येत नाही. दोघी तोहो या जपानी चित्रपट कंपनीच्या. ‘किंग काँग विरुद्ध गॉडझिला’ या १९६२ च्या चित्रपटात दोघी आहेत आणि १९६७ च्या ‘यू ओन्ली लिव्ह ट्वाइस’ या बाँडपटातही दोघीच. त्यातच तोहोच्या एका हेरपटाला नवे विनोदी संवाद चढवून तो १९६६ मध्ये अमेरिकेत दाखवला गेला, तेव्हा त्यांच्या पात्रांना सुकी याकी आणि तेरी याकी अशी चक्क खाद्यपदार्थांची नावे मिळाली.

१९६२ च्या चित्रपटात फुमिको ही हामा आणि तिची मैत्रीण तामिए ही वाकाबायाशी. तोक्योत काँग आगगाडीतून फुमिकोला उचलतो आणि तिला मुठीत धरून संसद भवनावर चढतो. एके काळी बस कंडक्टर असलेल्या हामांचा चेहरा लोकांच्या लक्षात राहिला तो या दृश्यामुळे. मात्र त्यात त्यांना किंचाळण्यापलीकडे फारसे काही करायचे नव्हते.

अभिनयाची खरी संधी मिळाली ती वाकाबायाशींना. दिग्दर्शक इशिरो होंडा यांच्या १९६४ च्या ‘गिदोरा’ चित्रपटात त्या एका काल्पनिक देशाच्या राजकन्या आहेत. विमानाचा स्फोट होण्याआधी ही राजकन्या बाहेर उडी घेते आणि नंतर कोळ्याचे जुने कपडे व टोपी घालून, आपण शुक्रावरून आलो असल्याचे सांगत, लोकांना येणाऱ्या संकटांचा इशारा देऊ लागते. गर्दी हसते, पण तिच्या चेहऱ्यावरची रेषही हलत नाही. गिदोरा या तीन डोक्यांच्या राक्षसाचे कथानक पुढे सरकते ते या निर्विकार स्त्रीमुळे, आणि म्हणूनच माझ्या मते राक्षसपटांपुरते बोलायचे तर वाकाबायाशींचे पारडे जड आहे. हामांना त्या तोडीची भूमिका १९६७ च्या ‘किंग काँग एस्केप्स’मध्ये मिळाली; तिथे त्या काँगच्या मुठीत नाहीत, तर त्याला पळवून नेणाऱ्यांच्या बाजूला उभ्या आहेत.

पुढे वाकाबायाशी सत्तरच्या दशकाच्या आरंभीच पडद्यावरून दूर झाल्या, तर हामा जुन्या ग्रामीण घरांच्या जतनासाठी आणि शेतीविषयक कामासाठी जपानमध्ये नव्याने ओळखल्या गेल्या.

बाँडपटातली गल्लत तर मुळातच रुजलेली आहे. सुरुवातीला हेरगिरी करणाऱ्या तरुणीची भूमिका हामांची आणि किसी सुझुकी या दुसऱ्या तरुणीची वाकाबायाशींची ठरली होती. पण लंडनला इंग्रजी शिकायला पाठवल्यावर हामांना ती भाषा जड गेली, आणि कमी संवाद असलेली किसी त्यांच्याकडे देऊन भूमिकांची अदलाबदल झाली. त्यामुळे छत नसलेली पांढरी टोयोटा चालवणारी हेर आकी ही वाकाबायाशी, आणि पांढऱ्या बिकिनीत ज्वालामुखी चढणारी ती हामा, एवढी खूण ध्यानात ठेवावी. नावावरून ओळखायला जाऊ नये, कारण किसी हे नाव त्या चित्रपटात कुणाच्याही तोंडी येत नाही. ते दिसते फक्त श्रेयनामावलीत.