कोल्हापूर संस्थान : वैधानिक स्थान

ब्रिटिश अमदानीत कोल्हापूर अर्थात करवीर संस्थानाचा मुलूख हिंदुस्थानात होता, पण ‘ब्रिटिश इंडिया’त नव्हता. कायद्यांतील संज्ञांचे अर्थ ठरवणाऱ्या १८८९ च्या ब्रिटिश इंटरप्रिटेशन ॲक्टने हा भेद कायद्याच्या शब्दांत पक्का केला : ब्रिटिशांचा थेट अंमल असलेला प्रदेश तो ब्रिटिश इंडिया, आणि संस्थानी मुलूख धरून होणारा तो इंडिया. त्यामुळे मुंबई इलाख्याचे कायदे करवीरच्या हद्दीत आपोआप लागू होत नसत.

तरीही हे स्वतंत्र राष्ट्र नव्हते. १८१२ च्या तहाने इंग्रजांच्या संमतीवाचून इतर सत्तांशी युद्ध करण्याचा अधिकार छत्रपतींकडून गेला. १८४४ च्या गडकऱ्यांच्या, म्हणजे किल्ल्यांवरील वंशपरंपरागत शिबंदीच्या, उठावानंतर कारभारही इंग्रजांच्या हाती आला आणि तो छत्रपतींकडे परत आला १८६२ च्या तहाने, अटींसह. संस्थानाच्या पोटात कागल, इचलकरंजी, बावडा, विशाळगड अशा जहागिऱ्या होत्या. म्हणजे अंकित संस्थानाचेही अंकित होते.

या मर्यादांमध्ये उरलेला अंतर्गत अधिकार मात्र पोकळ नव्हता, हे आवर्जून सांगितले पाहिजे. रिक्त जागांपैकी निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवणारा राजर्षी शाहू महाराजांचा २६ जुलै १९०२ चा हुकूम ‘करवीर सरकारचे गॅझेट’मध्ये प्रसिद्ध झाला आणि महाराजांच्या स्वतःच्या अधिकारात अमलात आला. प्रजेचा दर्जाही वेगळा होता. करवीरचा रहिवासी जन्माने ब्रिटिश प्रजाजन ठरत नसे. परदेशी जाताना त्याच्या पासपोर्टवर ‘ब्रिटिश संरक्षित व्यक्ती’ अशी नोंद होई.

१९४७ च्या भारतीय स्वातंत्र्य कायद्याच्या कलम ७ ने संस्थानांवरील ब्रिटिश अधिसत्ता संपली. सामीलनाम्याने, म्हणजे भारतात सामील होण्याच्या कराराने, संरक्षण, परराष्ट्र व्यवहार आणि दळणवळण हे विषय भारताकडे आले. बाकीचा कारभार संस्थानाकडेच राहिला. दक्षिणेतील बहुतेक लहान संस्थाने मार्च १९४८ मध्ये मुंबई प्रांतात विलीन झाली, तरी कोल्हापूरचे विलीनीकरण १ मार्च १९४९ पर्यंत लांबले. त्याच वर्षी, १९३५ च्या भारत सरकार कायद्यात नव्याने घातलेल्या कलम २९०-अ खालील आदेशाने, हा मुलूख मुंबई प्रांताचाच भाग असल्याप्रमाणे चालवला जाऊ लागला आणि कोल्हापूर हा जिल्हा झाला. छत्रपतींचे तनखे व विशेषाधिकार संविधानाच्या कलम २९१ व ३६२ खाली पुढेही चालू राहिले. १९७१ च्या २६ व्या घटनादुरुस्तीने ते रद्द झाले.