पे-डे वेगळा, पॅसिव्ह इन्कम वेगळं: ‘कॅशफ्लो’ खेळताना होणारी गल्लत

‘रिच डॅड पुअर डॅड’चे लेखक रॉबर्ट कियोसाकी यांचा ‘कॅशफ्लो’ हा पटावरचा खेळ १९९६ साली अमेरिकेत आला. त्यातले पगार, घरं, कर्जं सगळं डॉलरमध्येच आहे. आपल्याकडे तो खेळायला बसणारे बहुतेक जण लहानपणी ‘व्यापार’ खेळलेले असतात, आणि तिथली सवय सोबत घेऊन येतात: जागा घ्या, भाडं वसूल करा, समोरच्याला कंगाल करा. इथे समोरच्याला कंगाल करण्याची सोय नाही. प्रत्येकासमोर स्वतःच्या जमाखर्चाचा एक कागद असतो आणि खेळ त्या कागदावर जिंकला जातो. म्हणूनच त्या कागदावरच्या दोन रकान्यांची गल्लत फार महाग पडते.

पहिला रकाना मासिक कॅश फ्लोचा, ज्याला खेळताना सगळे सरळ ‘पे-डे’ म्हणतात. एकूण उत्पन्नातून एकूण खर्च वजा केला की उरते ती रक्कम. पटावरच्या पगाराच्या चौकटीवर थांबलात किंवा ती ओलांडलीत, की बँक तेवढे पैसे हातात ठेवते. दुसरा रकाना पॅसिव्ह इन्कमचा. घरांचं भाडं, धंद्यातला वाटा, व्याज आणि लाभांश यांतून दरमहा येणारी रक्कम. नोकरीचा पगार यात धरायचा नाही.

आतल्या वर्तुळातून, म्हणजे रॅट रेसमधून, बाहेर पडायची अट एकच आहे: पॅसिव्ह इन्कम एकूण खर्चापेक्षा जास्त हवं. या वाक्यात पे-डे कुठेही नाही, पगार नाही आणि हातातली रोकडही नाही. तरी खेळ सुरू झाला की सगळ्यांचं लक्ष नोटांच्या गड्डीवर जातं, कारण दिसते ती गड्डी. पुढ्यात वीस हजार डॉलर साठलेला माणूस स्वतःला पुढे समजतो. पण पॅसिव्ह इन्कमचा रकाना कोरा असेल, तर तो सुरुवातीला होता तिथेच आहे.

दोन्ही आकड्यांचं नातं मात्र पक्कं आहे, आणि ते ओळखलं की पटावर आपण कुठे आहोत ते लगेच कळतं. पॅसिव्ह इन्कम खर्चापेक्षा जास्त झालं, तर खर्च भागून पगार पूर्णच्या पूर्ण हातात उरतो आणि वर काहीतरी राहतं. म्हणजे ज्या वेळी तुमचा पे-डे तुमच्या पगारापेक्षा मोठा होतो, त्याच वेळी तुम्ही सुटता. दर फेरीला हे दोन आकडे शेजारी ठेवून पाहा. त्यांच्यातला फरक म्हणजे उरलेलं अंतर.

आता सुरुवातीला वाटतात त्या पेशाच्या कार्डांपैकी दोन घेऊ. डॉक्टरचा पगार १३,२०० डॉलर, एकूण खर्च ९,६५०, पे-डे ३,५५०. जॅनिटरचा, म्हणजे इमारतीची साफसफाई आणि देखभाल करणाऱ्याचा, पगार १,६००, खर्च ९५०, पे-डे ६५०. कार्डं वाटली की डॉक्टर मिळालेला खूश होतो आणि जॅनिटर मिळालेल्याचा चेहरा पडतो. पे-डे पाहिला तर ते बरोबरच वाटतं. पण डॉक्टरला ९,६५० डॉलरचं पॅसिव्ह इन्कम उभं करायचं आहे, जॅनिटरला फक्त ९५०. समजा, दोघांनाही गुंतवलेल्या पैशावर महिन्याला पाच टक्के सुटतात. या खेळात एवढे सुटणं अवघड नाही. मग डॉक्टरला १,९३,००० डॉलर गुंतवावे लागतील, म्हणजे साधारण ५४ पे-डे. जॅनिटरला १९,००० पुरतील, म्हणजे साधारण २९ पे-डे. वाढत्या भाड्यातून पुन्हा गुंतवणूक होते हे धरलं तर दोन्ही आकडे बरेच खाली येतात, पण जॅनिटर पुढेच राहतो. मूलबाळ झालं तर हा फरक आणखी बोचतो: प्रत्येक मुलामागे डॉक्टरचा खर्च ६४० डॉलरने वाढतो, जॅनिटरचा ७० ने.

डॉक्टरने निराश व्हायचं कारण नाही, त्याने वेगळं खेळायला हवं एवढंच. संधीच्या चौकटीवर आलं की स्मॉल डील की बिग डील हे कार्ड उचलण्याआधी सांगावं लागतं. स्मॉल डील ५,००० डॉलरपर्यंतची, बिग डील ६,००० पासून पुढची. जॅनिटरने बराच काळ स्मॉल डीलमध्येच राहावं. महिन्याला शंभर-दीडशे डॉलर देणारं एक छोटं घरसुद्धा त्याचं मोठं अंतर कापतं. डॉक्टरला तसल्या घराने काही होत नाही. त्याने थोडी रोकड साठली की बिग डीलकडे वळावं. डॉक्टर झालेले कित्येक खेळाडू शेवटपर्यंत छोटी घरं गोळा करत बसतात, आणि दर पे-डेला मोठी रक्कम येत असल्यामुळे आपण रखडलोय हे त्यांच्या लक्षातच येत नाही.

मग पे-डेचा उपयोग काय? फार मोठा आहे. पहिली गुंतवणूक त्यातूनच होते, त्यामुळे सुरुवातीच्या फेऱ्यांत तो जपलाच पाहिजे. आतल्या वर्तुळात २४ चौकटी आहेत. त्यांतल्या १२ संधीच्या, ३ पगाराच्या, ३ बाजाराच्या, ३ फुटकळ खरेदीच्या, आणि दानधर्म, बाळ व नोकरकपात यांची प्रत्येकी एक. म्हणजे दर आठ चौकटींमागे एक पे-डे. इथे दानधर्माची चौकट नीट पाहावी. एकूण उत्पन्नाच्या दहा टक्के दिले की पुढच्या तीन खेळ्यांत हवं तर दोन फासे टाकता येतात. एका फाशाची सरासरी साडेतीन, दोनांची सात. तीन खेळ्यांत साधारण साडेदहा चौकटी जास्त, म्हणजे सव्वा पे-डेहून थोडं अधिक. जॅनिटरने १६० डॉलर दिले तर त्या बदल्यात सरासरी आठशेच्या वर येतात. शिवाय फुटकळ खरेदीचा फटका चौकटीवर थांबलं तरच बसतो, पगार मात्र नुसतं ओलांडलं तरी मिळतो. लोक ही चौकट टाळतात ते मला पटत नाही. हातात पैसे असतील तर दान द्यावंच.

बँकेच्या कर्जाशी आलं की दोन रकान्यांची गल्लत सगळ्यात जास्त नडते. बँक हजार-हजारच्या पटीत कर्ज देते आणि दरमहा दहा टक्के घेते. समजा, ५,००० डॉलर डाउन पेमेंटचं घर आलं, महिना १६० डॉलर देणारं, आणि तुम्ही सगळे पैसे कर्जाने उभे केले. पॅसिव्ह इन्कम १६० ने वाढलं म्हणून बरं वाटतं. पण खर्चाच्या बाजूला ५०० वाढले. पे-डे ३४० ने घटला आणि बाहेर पडायचं अंतरही ३४० ने वाढलं. घर घेऊन तुम्ही मागे गेलात. कर्ज काढायचंच असेल तर आधी भागाकार करा: दरमहा येणारी रक्कम भागिले डाउन पेमेंट. उत्तर दहा टक्क्यांच्या वर असेल तर कर्ज काढूनही घ्या. खाली असेल तर रोकड साठेपर्यंत थांबा, किंवा ती संधी दुसऱ्या खेळाडूला विका. संधीचं कार्ड विकता येतं, आणि त्याचे चांगले पैसे येतात.

शेअरमधला नफा या दोन्ही रकान्यांत बसत नाही. पाच डॉलरला दोनशे शेअर घेतले आणि पुढे कुणीतरी तीसच्या भावाचं कार्ड उचललं, तर तुम्ही हजाराचे सहा हजार करता. खरेदी फक्त कार्ड उचलणाऱ्याला करता येते, विक्री मात्र सगळ्यांना, म्हणून दुसऱ्याच्या खेळीतही कान उघडे ठेवावे लागतात. पण या पाच हजारांच्या नफ्याने पे-डे वाढत नाही आणि पॅसिव्ह इन्कमही नाही. ते पैसे घरात किंवा धंद्यात गेले तरच अंतर कापलं जातं. जॅनिटर, ट्रकचालक अशा कमी पगाराच्या कार्डांना सुरुवातीला स्वस्त शेअर घेणं हाच बहुधा सगळ्यात जलद मार्ग असतो, पण मिळालेले पैसे पुन्हा शेअरमध्येच फिरवत राहिलं तर खेळ लांबतो.

कर्ज फेडल्याने काय होतं? खर्च कमी होतो, त्यामुळे पे-डे तेवढाच वाढतो आणि अंतरही तेवढंच घटतं. ५० डॉलरचा हप्ता संपवणं आणि ५० डॉलर भाड्याचं घर घेणं, आतल्या वर्तुळात दोन्ही सारखंच. त्यामुळे कुठल्या कर्जाला हात घालायचा हे टक्केवारीवर ठरवा. बँकेच्या कर्जातून सुटका म्हणजे महिना दहा टक्के. दुसऱ्या कुठल्याही देण्यापेक्षा ते आधी. दुकानाची उधारी १,००० ची, हप्ता ५०, म्हणजे पाच टक्के. क्रेडिट कार्डाचे तीन टक्के. गाडीच्या कर्जाचे दीड ते दोन. घराच्या कर्जाचा जवळपास एक टक्का. डॉक्टरचं शिक्षणकर्ज १,५०,००० चं आणि हप्ता ७५०, म्हणजे अर्धा टक्का. त्याला हात लावण्यात काहीच अर्थ नाही. बँकेचं कर्ज हजाराच्या पटीत थोडं थोडं फेडता येतं, बाकीची एकदम पूर्ण फेडावी लागतात, हेही लक्षात असू द्या.

बाहेरच्या वर्तुळात, म्हणजे फास्ट ट्रॅकवर, मात्र हे सारखेपण संपतं. बाहेर पडताना तुमच्या पॅसिव्ह इन्कमला शंभरने गुणतात आणि तेवढी रक्कम घेऊन तुम्ही पुढचा खेळ सुरू करता. तिथे जिंकायचं ते खेळाच्या सुरुवातीला निवडलेलं आपलं स्वप्न विकत घेऊन किंवा त्या सुरुवातीच्या रकमेवर मासिक उत्पन्नात ५०,००० डॉलरची भर घालून. फेडलेल्या हप्त्याला कोणी शंभरने गुणत नाही. भाड्याच्या ५० डॉलरचे बाहेर ५,००० होतात, वाचवलेल्या ५० डॉलरचं काहीच होत नाही.

म्हणून दोन खेळाडू एकाच फेरीत बाहेर पडले तरी त्यांची ताकद सारखी नसते. जॅनिटर हजार डॉलरच्या पॅसिव्ह इन्कमवर सुटला तर एक लाखाने सुरुवात करतो. डॉक्टर उशिरा सुटतो, पण ९,७०० वर सुटला तर ९,७०,००० घेऊन येतो आणि समोर येणारा जवळपास कुठलाही धंदा घेऊ शकतो. आत असताना ओझं वाटणारा खर्च त्याला बाहेर असा भरून मिळतो. जॅनिटरकडे याला उत्तर आहे ते वेळेचं. डॉक्टर आत अडकलेला असतानाच त्याने आपलं स्वप्न गाठायला हवं, आणि त्यासाठी खेळाच्या सुरुवातीला निवडलेलं स्वप्न फार महागडं नसलेलं बरं.

शेवटच्या टप्प्यावर निवड अशी येते: अंतर १०० डॉलरचं उरलंय, हातात ४,००० आहेत. एकीकडे दुकानाची उधारी आणि क्रेडिट कार्ड फेडून जवळ जाता येतं, दुसरीकडे एखादं घर मिळण्याची वाट पाहता येते. बाकीचे खेळाडू अजून मागे असतील तर मी दोन-तीन खेळ्या थांबून घर घेईन, कारण त्या शंभरचे बाहेर दहा हजार होणार आहेत. कोणी आधीच बाहेर पोहोचला असेल आणि त्याचं स्वप्न पाच-सहा चौकटींवर असेल, तर देणी फेडून त्याच फेरीत निघेन.