तुम्मो

तुम्मो ही तिबेटी वज्रयान बौद्ध परंपरेतील आंतरिक उष्णतेची साधना. शब्दाचा अर्थ ‘उग्र स्त्री’. संस्कृत तंत्रग्रंथांत तिलाच चंडाली म्हटले आहे. ही साधना करणारे भिक्षू, भिक्षुणी आणि गुहेत राहणारे योगी ऐन हिवाळ्यात अंगावर जेमतेम एक सुती वस्त्र घेऊन बसतात. त्यामुळे बाहेरच्या जगात तुम्मोची ओळख ‘थंडी न वाजण्याची विद्या’ अशी झाली. ही ओळख फार अपुरी आहे. परंपरेच्या लेखी अंगात येणारी ऊब ही साधना लागू पडत असल्याची खूण आहे. खरे काम चित्ताचे असते, आणि थंडी ते काम तपासून देते.

भारतीय सिद्ध नारोपा यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सहा योगांत तुम्मो पहिला. मायाकाय (मायिक देह), स्वप्न, प्रभास्वर (चित्ताचा मूळ प्रकाश), अंतराभव (मृत्यू आणि पुनर्जन्म यांमधली अवस्था) आणि संक्रांती (मरणसमयी चित्त देहाबाहेर नेणे) हे पुढचे योग याच पायावर उभे राहतात. अकराव्या शतकात मार्पा या तिबेटी भाषांतरकाराने ही विद्या भारतातून नेली आणि त्याच्याकडून ती त्याचा शिष्य मिलारेपा याला मिळाली. ‘रेपा’ म्हणजे सुती वस्त्र नेसणारा. लोकरीच्या आणि कातड्याच्या कपड्यांवाचून जिथे हिवाळा निघत नाही, त्या मुलखात नुसते सुती कापड पांघरणे हीच साधकाची पदवी झाली. मिलारेपा हिमालयातील लापची येथील गुहेत सहा महिने बर्फाने कोंडला गेल्याची कथा प्रसिद्ध आहे. तो गेला असे समजून शिष्यांनी त्याचे उत्तरकार्यही उरकले. बर्फ ओसरू लागल्यावर ते अस्थी शोधायला निघाले, तेव्हा वाटेत त्यांना एका खडकावर हिमबिबट्या दिसला. तो स्वतः मिलारेपाच होता, असे कथा सांगते.

साधनेत आधी शरीर आतून पोकळ, पारदर्शक आहे अशी भावना करतात, म्हणजे तसे चित्र मनात धरतात. त्या पोकळीत मधोमध अवधूती आणि दोन्ही बाजूंना ललना व रसना अशा तीन नाड्या, म्हणजे प्राणाचे मार्ग, कल्पितात. श्वास नाभीखाली घड्यासारखा कोंडून धरतात. याला कुंभक म्हणतात. तिथे केसाइतकी बारीक ज्योत पेटते, मधल्या नाडीतून वर चढते, आणि मस्तकातल्या ‘हं’ या अक्षराला तिची धग लागली की ते वितळून थेंबाथेंबाने खाली ठिबकू लागते. हेवज्रतंत्र या बौद्ध तंत्रग्रंथात हीच प्रक्रिया एका श्लोकात आली आहे: नाभीत चंडाली पेटते, आणि दाह पुरा झाल्यावर चंद्र पाझरतो. श्लोकातील ‘दग्धेऽहं’ हे पद ‘हं’ असेही वाचता येते आणि ‘अहं’ असेही. जळते ते अक्षर की ‘मी’? मला वाटते, तुम्मोचे सगळे मर्म या अवग्रहात, म्हणजे लोपलेला ‘अ’ दाखवणाऱ्या ‘ऽ’ या चिन्हात, साठले आहे.

ओल्या कापडाची परीक्षा ही तुम्मोची सर्वांत गाजलेली बाजू. अलेक्झांड्रा डेव्हिड-नील या फ्रेंच प्रवासी लेखिकेने तिचे वर्णन केले आहे. कडाक्याच्या रात्री, वारा वाहत असताना साधक उघड्या अंगाने जमिनीवर बसतात. बर्फगार पाण्यात बुडवलेली चादर अंगाभोवती गुंडाळतात, ती अंगाच्या उबेने वाळली की पुन्हा भिजवतात, आणि असे पहाटेपर्यंत चालते.

हे किती अवघड आहे, ते साध्या हिशेबाने कळते. अंगाच्या तापमानाला एक किलो पाण्याची वाफ व्हायला सुमारे २,४०० किलोज्यूल उष्णता लागते. स्वस्थ बसलेल्या माणसाच्या शरीरात दर सेकंदाला साधारण १०० ज्यूल उष्णता तयार होते. म्हणजे ती सगळीच्या सगळी पाण्यात गेली, तरी एक लिटर पाणी उडवायला साडेसहा तासांहून अधिक वेळ लागेल. प्रत्यक्षात बरीच उष्णता हवेतच निघून जाते. कापड किती पिळलेले होते आणि हवा किती कोरडी होती, हे प्रश्न म्हणूनच महत्त्वाचे ठरतात. ते विचारल्याने साधकांचा मान कमी होत नाही.

अमेरिकेतील हृदयविज्ञानी हर्बर्ट बेन्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी धर्मशाळा येथील तीन साधकांची मोजमापे घेऊन ती १९८२ मध्ये प्रसिद्ध केली. हातापायांच्या बोटांचे तापमान ८.३ अंश सेल्सिअसपर्यंत वाढल्याचे त्यांना आढळले. मात्र बोटे गरम होणे आणि शरीराचा गाभा गरम होणे या वेगळ्या गोष्टी आहेत: त्वचेतील रक्तवाहिन्या रुंदावल्या तरी बोटे गरम होतात. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, मारिया कोझेव्हनिकोव्ह यांच्या नेतृत्वाखालील अभ्यासाने या प्रश्नाला हात घातला. त्यात तिबेटी साधकांच्या काखेतील तापमान ३८.३ अंशांपर्यंत, म्हणजे तापाच्या हद्दीत गेले. जोरकस कुंभकाने उष्णता निर्माण होते, आणि ती दीर्घकाळ टिकवायला ज्योतीची भावना कामी येते, असा त्यांचा निष्कर्ष होता. नाड्यांविषयी विज्ञान काही म्हणत नाही. पण श्वास आणि भावना यांची जोडी जुन्या गुरूंनी उगाच घातलेली नव्हती, एवढे यातून दिसते.

थंडीला तपात स्थान देणारी ही एकटीच परंपरा नव्हे. जैन मुनींनी सहन करायच्या बावीस परीषहांत भूक आणि तहान यांच्या पाठोपाठ शीत येतो. जपानमधील निचिरेन या बौद्ध पंथाच्या नाकायामा येथील मठात १ नोव्हेंबर ते १० फेब्रुवारी असे शंभर दिवस भिक्षू रोज सात वेळा थंड पाणी अंगावर ओततात. तिथे थंडी सोसायची किंवा तिने शुद्ध व्हायचे. तुम्मोत ती आतल्या ज्योतीची कसोटी असते.

मार्पा आणि मिलारेपा यांच्यापासून चालत आलेल्या कग्यू परंपरेतील तीन वर्षांहून अधिक काळ चालणाऱ्या एकांतवासात तुम्मो शिकवतात, तीही दीक्षा आणि पूर्वतयारी झाल्यावरच, गुरूच्या देखरेखीखाली. हा केवळ गुप्ततेचा आग्रह नाही. श्वास जबरदस्तीने कोंडल्याने भोवळ येऊ शकते, आणि ओल्या कपड्यांत शरीराचे तापमान ३५ अंशांखाली घसरले की माणूस गोंधळतो, त्याला नीट विचार करता येत नाही, आणि आपण धोक्यात आहोत हेच त्याच्या ध्यानात येत नाही. त्या क्षणी ते ओळखायला शेजारी दुसरे कोणी जागे असावे लागते.